गिळलेलं वाक्य

पेरूची फोड घशात अडकली तेव्हा सम्राट भिंगारदिवेला सगळ्यांत आधी सुचलं ते हे, की टेबलावरून शिस्तीत उठलं पाहिजे. श्वास आत जात नव्हता, बाहेर येत नव्हता. एमआयडीसीतल्या त्या कारखान्याच्या कॅन्टीनमध्ये डिझाइन विभागातले पाचसहा जण डबे उघडून बसलेले, केदार देशपांडे तिखटमीठ लावलेल्या फोडी वाटत होता, आणि त्याने नुकत्याच टाकलेल्या वाक्याचं हसू अजून टेबलावर रेंगाळत होतं. वाक्य काही नवं नव्हतं, त्यातला जातीचा काटाही नवा नव्हता. 'सम्राटरावांचं बरं आहे, त्यांची बढती वरूनच ठरून येते,' असं केदार म्हणाला होता, गमतीत, फोड पुढे करत. सम्राटने फोड घेतली होती, तोंडात टाकली होती, सगळ्यांबरोबर हसला होता, आणि त्या हसण्यातच ती अख्खी घसरून खाली गेली होती. त्याने खुर्ची आवाज न करता मागे सरकवली. उठल्यावर ती पुन्हा टेबलाखाली नीट ढकलली. स्टोअरमधले साहेब समोरून येत होते, त्यांच्याकडे बघून मान हलवली. मग हात धुवायच्या जागेकडे चालत गेला, नळ सोडला, म्हणजे काही आवाज झालाच तर पाण्यात बुडून जावा. आरशातला चेहरा काळपट होत चालला होता. कानांत कुठली तरी मोठी गिरणी सुरू झाली होती. पाठीमागे दहा पावलांवर माणसं होती, हात वर केला असता तरी धावली असती. केदारच पहिला धावला असता. हात बेसिनच्या कडेला घट्ट धरून होता, वर होत नव्हता. ताटं विसळणाऱ्या गोजरबाईने त्याची मान पाहिली, ताटं तशीच टाकली आणि त्याच्या पाठीत मुठीने असे काही दणके घातले की फोड उडून आरशावर आपटली. "अवो साहेब, वरडायचं न्हाई का?" ती म्हणाली. "हात तरी हलवायचा! मेला असता की मुक्यानं!" त्याने तोंड धुतलं, रुमालाने पुसलं. 'काही नाही, ठसका लागला,' असं तिला म्हणाला आणि टेबलावर परत येऊन बसला. केदारने विचारलं, "कुठे गेला होतात?" "हात धुवायला," सम्राट म्हणाला.

दुपारी ड्रॉइंग बोर्डापुढे उभं राहिल्यावर त्याला भीती वाटली ती मरणाची नाही. आपण इतके शांत होतो याची. श्वास बंद पडत असताना शरीर धडपडतं, कुत्रं धडपडतं, पाण्यात पडलेली मुंगीसुद्धा हातपाय मारते. आणि आपण खुर्ची आत ढकलली. ढकलली कोणी? तो पुन्हा पुन्हा त्या क्षणाकडे जाई आणि प्रत्येक वेळी तिथे दोघे जण दिसत. एक, ज्याचं फुप्फुस फाटायला आलं होतं. दुसरा, जो त्याच्या खांद्यावर हात ठेवून 'चल, इथे नको' म्हणत त्याला बाहेर नेत होता. दुसरा इतका सभ्य होता, इतक्या सरावाचा होता, की एकोणचाळीस वर्षं सम्राट त्यालाच 'मी' म्हणत आला होता. पेन्सिल धरलेल्या हाताचा अंगठा मुठीत आत वळून दाबला जात होता, नखाची खूण तळव्यावर उठत होती. ही सवय जुनी होती. ती त्याने त्या दिवशी पहिल्यांदा पाहिली.

घरी त्याने सांगितलं नाही. सावेडीत, पाइपलाइन रोडवरच्या त्यांच्या फ्लॅटमध्ये संध्याकाळी नेहमीसारखा चहा झाला, मुलीचं, अश्विनीचं, गणित झालं, बातम्या झाल्या. बायकोला, शुभांगीला, ते कळलं तिच्या शाळेत. केदारची बायको प्रणिता त्याच शाळेत शिकवायची, आणि कॅन्टीनमधली गोष्ट कारखानाभर फिरून तिच्यापर्यंत आली होती. शुभांगी घरी आली ती चपला न काढताच स्वयंपाकघराच्या दारात उभी राहिली. "तुम्ही मेला असतात," ती म्हणाली, "आणि ते मला प्रणिताने सांगितलं असतं." तो म्हणाला, "एवढं काही झालं नव्हतं. उगाच कशाला तुला—" "उगाच?" तिचा आवाज चिरला. "आई गेल्या तेव्हासुद्धा तुम्ही असंच केलंत. माणसं धाय मोकलून रडत होती आणि तुम्ही पाहुण्यांना चहा मिळाला का बघत होतात. लोक म्हणाले, काय धीराचा मुलगा आहे. मला त्या दिवशी तुमची भीती वाटली होती. आजही वाटते." ती आत गेली. दार आपटलं नाही, नुसतं लावून घेतलं, आणि ते त्याला जास्त लागलं. चांगुणाबाईला, त्याच्या आईला, जाऊन सहा वर्षं झाली होती. त्या दिवसाचं त्याला सगळं आठवत होतं, कोण कुठे बसलं, कोणाची गाडी कधी आली, बुद्धाचं त्रिशरण कोणी म्हटलं. फक्त आईचा चेहरा आठवायचा म्हटलं की तिथे एक पांढरा डाग होता, उन्हात पत्रा चमकावा तसा.

शुभांगीनेच नीलांबरीबाईंचं नाव काढलं. कॉलेजात मानसशास्त्र शिकवून लवकर निवृत्ती घेतलेल्या, मुंबईला जाऊन कसलं तरी वेगळं शिक्षण घेऊन आलेल्या, सावेडीतल्या आपल्या बंगल्याच्या पुढच्या खोलीत लोकांना भेटणाऱ्या. सम्राट गेला तो बायकोचा शब्द राखायला. खोलीत दोन खुर्च्या, एक रिकामी तिसरी, खिडकीत कढीपत्त्याचं झाड. बाईंच्या बोलण्यातला तो जुन्या शिकल्यासवरल्या घराचा स्वच्छ उच्चार ऐकला आणि त्याच्या पाठीचा कणा आपोआप ताठ झाला. शाळेत फळ्यापुढे उभं राहताना व्हायचा तसा. त्यांनी विचारलं, कसे आलात? तो म्हणाला, "आपल्याला कसं, कुणाला त्रास द्यायला आवडत नाही. एवढंच आहे." बाई म्हणाल्या, "आपल्याला म्हणजे कोणाला?" तो गोंधळला. "म्हणजे... माणसाला. मला." "मग तसं म्हणून बघा." "मला त्रास द्यायला आवडत नाही," तो म्हणाला, आणि शब्द तोंडातून निघाले तसा अंगातला शर्ट कोणीतरी ओढून काढावा तसा तो उघडा पडला. 'आपण', 'आपल्याला', 'माणसानं', 'लोक काय म्हणतात की' — आयुष्यभर तो या पडद्याच्या आडून बोलत आला होता. 'मला' हा शब्द एवढा गार असतो हे त्याला ठाऊकच नव्हतं.

पुढे तो दर आठवड्याला जाऊ लागला. बाई काय सांगतात ते समजून घ्यायला त्याला आवडे. ते एखाद्या यंत्राच्या नकाशासारखं उलगडायचं. त्यांच्या पद्धतीचं नाव गेस्टाल्ट, जर्मन शब्द, सबंध आकृती असा अर्थ. गर्दीतून आपलं माणूस पुढे उठून दिसतं आणि बाकीची गर्दी मागे सरते, तसं मनातही एक गोष्ट पुढे येते, तिचं पुरं झालं की ती मागे जाते. जी अपुरी राहते ती पुन्हा पुन्हा पुढे येत राहते, वेश बदलून. आणि 'मी' म्हणजे आत कुठे पेटीत ठेवलेली वस्तू नाही, असं त्या म्हणत. "कातडी बघा. ती तुम्हाला जगापासून वेगळं करते, आणि जगाचा स्पर्शही तिथेच होतो. तुमचा मी त्या कडेवर घडतो. दर वेळी नव्याने. कुणाला तरी भेटताना, कुणाला तरी नाही म्हणताना. तुम्ही ती कडच बंद करून घेतलीय, मग मी घडायचा कुठे?" आणखी एकदा त्या म्हणाल्या, लहानपणी ऐकलेली वाक्यं घासासारखी असतात. चावली तर आपली होतात, पटली नाहीत तर थुंकता येतात. अख्खी गिळली तर पोटात दगडासारखी राहतात, आणि माणूस समजतो, हे माझंच वजन आहे. सम्राटने मान हलवली. "कळलं," तो म्हणाला. बाई हसल्या नाहीत. "तुम्हाला सगळं पटकन कळतं. कळून घेणं हीसुद्धा गिळायचीच एक रीत आहे, भिंगारदिवे. तुमचा अंगठा आत्ता काय करतोय?" अंगठा मुठीत होता. "कोणाला मारायचं होतं त्या मुठीला?" त्याला केदारचा हसरा, तिखटमीठ लागलेला हात दिसला. तो म्हणाला, "कोणालाच नाही."

आणि मग तो खुर्चीचा दिवस आला. बाईंनी रिकामी खुर्ची त्याच्यासमोर ओढली. म्हणाल्या, "तुम्ही मागे सांगितलंत, रडायचं नाही हे वडिलांचं वाक्य. त्यांना इथे बसवा. समजा ते आलेत. बोला त्यांच्याशी." लोक असं करतात, बाप, आई, मेलेला भाऊ कुणालाही त्या खुर्चीवर बसवतात, हे त्याला ठाऊक होतं. त्याने खुर्चीकडे पाहिलं. वेताची, पाठीला भरतकामाची उशी. घोडेगावच्या अलीकडच्या वस्तीवर राहणारा त्याचा बाप, सहादू, त्या खुर्चीवर येईना. सम्राटने डोळे मिटून पाहिले, उघडून पाहिले. बाप दाराशी येई आणि तिथेच थांबे. "दिसत नाहीत," तो म्हणाला. "घाई नाही," बाई म्हणाल्या, "बसवा त्यांना आरामात." तेव्हा त्याच्या आत काही तरी तडकलं, आणि आवाज त्याच्या आवाजासारखा नव्हता. "माझा बाप अशा घरात खुर्चीवर बसलेला मी पाहिलेला नाही, बाई. त्याने अशा घरांच्या मागल्या दाराशी उभं राहून वरून टाकलेलं घेतलंय. तुम्ही म्हणता समजा. मी कसं समजू? तुमच्या आज्यानं त्याला ओसरीवर तरी घेतलं असतं का?" खोलीत कढीपत्त्याचा वास एकदम दाट झाला. बाईंचा चेहरा उतरला, पण त्यांनी नजर वळवली नाही. त्या म्हणाल्या, "नसतं घेतलं. आणि हे मला सुचायला हवं होतं. नाही सुचलं." त्यांनी खुर्ची बाजूला केली. "मग ते कुठे बसतील?" सम्राटने दाराकडे पाहिलं. चपलांच्या रॅकजवळ, उंबऱ्याच्या आत आणि बाहेर अशा मधल्या जागेत, सहादू उकिडवा बसला होता. गुडघ्यावर कोपरं, टोपी मांडीवर. इतका खरा, की त्याच्या टाचेच्या भेगा मोजाव्यात.

आणि वाक्य आलं, ते एकटं आलं नाही. सोबत ज्वारीची पानं आली, कडांनी गाल कापणारी, हिरवी-पिवळी. तोंडावर दाबलेला बापाचा तळवा आला, तंबाखूचा आणि विळ्याच्या लोखंडाचा वास असलेला. आणि कानाशी कुजबुजीत, शिवीसारखं, 'रडू नको.' एवढंच. आधी काय, नंतर काय, काही नाही. उभ्या पिकात कापून काढलेला चौकोन. याच चौकोनावर त्याने सगळं बांधलं होतं. वसतिगृहात डाळीत आळ्या निघाल्या तेव्हा, पहिला नंबर येऊनही कोणी टाळ्या वाजवल्या नाहीत तेव्हा, नोकरीच्या पहिल्या दिवशी 'कुठले भिंगारदिवे?' असं विचारून समोरचा गप्प झाला तेव्हा, आईला खांदा देताना. त्याला त्या वाक्याचा अभिमान होता. आमच्या बापाने आम्हाला काय दिलं, तर ताठ मान दिली, असं तो जयंतीच्या भाषणात सांगे. "काही म्हणायचंय त्यांना?" बाईंनी हळू विचारलं. पेरूची फोड पुन्हा घशात आल्यासारखं झालं. सम्राट उठला. "बराच वेळ घेतला तुमचा," तो म्हणाला, "येतो." दारातून बाहेर पडला, फाटक लावलं, कडी नीट बसली का पाहिली. मागून बाई पायरीवर येऊन उभ्या राहिल्या होत्या. त्यांनी हाक मारली नाही, नुसतं बोलल्या, पण त्याला स्पष्ट ऐकू आलं. "तुम्ही आत्ताही शिस्तीत उठलात."

त्यानंतर तो गेला नाही. कामात बुडवून घेतलं. शुभांगी एकदोनदा विचारून गप्प झाली. घरात तिघंही एकमेकांना वाट देत फिरत, भरल्या भांड्यांची ने-आण करावी तशी, सांडू नये म्हणून. एका संध्याकाळी अश्विनी शाळेतून आली, दप्तर डाव्या हाताने ठेवलं, डाव्या हाताने दूध प्यायली. जेवताना भाकरी मोडेना. "उजव्या हाताने जेव की गं," शुभांगी म्हणाली आणि तिने तिचा फ्रॉकच्या घोळात लपवलेला हात ओढून पुढे घेतला. मनगट सुजून वांग्यासारखं झालं होतं. पोरगी दहा वर्षांची. दुपारी घसरगुंडीवरून पडली होती, त्यानंतर मराठीचा तास झाला, इतिहासाचा झाला, रिक्षात बसून घरी आली. "सांगितलं का नाहीस गं कुणाला?" शुभांगी किंचाळली. अश्विनीने बापाकडे पाहिलं. रडू ओठांच्या आत दाबून धरलेलं, हनुवटी वर, आणि डोळ्यांत चक्क शाबासकीची वाट. आरशात पाहिलेला चेहरा हाच होता, फक्त लहान. आपण तिला कधी काही शिकवलं नाही, 'रडू नकोस' असं एकदाही म्हटलं नाही, हे त्याला शपथेवर सांगता आलं असतं. आणि तरी पोरीने ते घेतलं होतं. त्याच्या चालण्यातून, आवाज न करता सरकवलेल्या खुर्चीतून. दवाखान्यात हाड बसवताना डॉक्टर म्हणाले, "शूर आहे मुलगी." सम्राट म्हणाला, "शूर म्हणू नका तिला." डॉक्टर चमकले. शुभांगीने त्याच्याकडे पाहिलं, आणि कितीतरी दिवसांनी त्याच्या दंडाला धरलं.

रविवारी तो अश्विनीला घेऊन गावी निघाला. एसटीत खिडकीशी ती, प्लॅस्टरचा हात गळ्यातल्या पट्टीत, पलीकडे तो. औरंगाबादच्या रस्त्याला दोन्ही बाजूंनी माळ, मधूनच उसाचा हिरवा तुकडा, इमामपूरच्या घाटात गाडी दमली. बापाला काय विचारायचं हे त्याने ठरवलं नव्हतं. नुसता राग होता, आणि रागाच्या तळाशी धाकधूक, की त्या चौकोनाला हात लावला तर आपण बांधलेलं सगळं खाली येईल. जो ताठ आहे, शिकला आहे, फ्लॅट घेऊन सावेडीत राहतो आहे, तो त्या एका वाक्याचा आहे. ते काढलं तर उरेल कोण? बाई म्हणाल्या असत्या, उरायचं कशाला, घडेल कोणी तरी. त्यांना म्हणायला काय जातं. फाट्यावर उतरून दोघं वस्तीपर्यंत चालत गेली. सहादू घरासमोरच्या लिंबाखाली शेळ्यांना पाला टाकत होता. सत्तरीचा, वाकलेला, पण नजर तशीच. नातीचा हात पाहून त्याने आधी हात पुसले, मग जवळ घेतलं. "मोडला? आन रडली न्हाई म्हनती? वाघीन हाय माझी." अश्विनी फुलली.

पोरगी करडांमागे गेल्यावर तो बाजेच्या कडेला बसला. बाप समोर उकिडवा. एक शेळी खोकत होती, दूर ट्रॅक्टर. मग सम्राट म्हणाला, "आबा, मी लहान असताना आपण ज्वारीत लपलो होतो का?" सहादूचा पाल्यावरचा हात थांबला. "तुला कुनी सांगितलं?" "मला आठवतं. थोडं." "काय आठवतं?" "तुम्ही माझं तोंड दाबलं होतं. रडायचं नाही म्हणालात." बापाने तंबाखूची पुडी काढली, पण मळली नाही. "वरल्या आळीत बैल मेल्ता," तो म्हणाला. "वढून न्यायला बलावनं आलं. आमी ते काम सोडलं हुतं. धम्म घेतल्याव सोडलंच हुतं सगळ्यांनी. मी न्हाई म्हनलो. दोनचार दीस कोनी काय बोललं न्हाई. मंग एक दीस सकाळच्या पारी तू आन मी वावरात हुतो, त्ये आले काठ्या घिऊन. सातआठ जन. मी तुला काखंत मारलं आन शिरलो ज्वारीत. तुझ्या पायात बाभळीचा काटा मोडल्याला, तू लागला भोकाड पसरायला. दोन काकऱ्या पल्याड त्येंचे पाय वाजत हुते. तुझं त्वांड नसतं दाबलं तर दोघं बी संपलो असतो तिथंच." त्याने श्वास घेतला. "म्हनलं, आत्ता रडू नको. घरी गेल्याव रड काय रडायचं त्ये."

सम्राटला वाटलं आपण चुकीचं ऐकलं. "आत्ता म्हणालात?" "मंग?" सहादूला राग आल्यासारखा झाला. "मंग काय जल्माचं म्हनू व्हय लेकराला, रडू नको म्हनून?" लिंबाची सावली हलली. सम्राटला कळेना आपलं काय होतंय. एवढासा शब्द, दोन अक्षरांचा, पानांच्या सळसळीत कुठे गळून गेला, आणि सात वर्षांच्या पोराने उरलेलं तेवढं गिळून घेतलं, जन्मभरासाठी. ताठ मान, शिस्त, चहा मिळाला का सगळ्यांना. हसू यावं असं काही तरी होतं ते आणि हसू येत नव्हतं. उलट छातीतून आग चढत वर आली. "मग घरी गेल्यावर का नाही विचारलंस?" तो ओरडला. बापाला त्याने आयुष्यात पहिल्यांदा अरेतुरे केलं होतं. "घरी गेल्यावर रड म्हणालास ना? मग घरी आल्यावर एकदा तरी म्हणायचंस, बाळा, आता रड. मी वाट बघत होतो! मी वाट बघतोय!" शेळ्या दचकून दाव्याला ओढू लागल्या. सहादू खाली मान घालून बसला. तसाच म्हणाला, "घरी आलो तवा तुझ्या आयचं डोस्कं फुटल्यालं. आमी न्हाई घावलो म्हनून त्ये घरी गेल्ते. रगत थांबंना. कोन कुनाला इचारनार हुतं?" मग हळूच, "तू चुलीपाशी गप बसल्याला. मला वाटलं, इसरला पोरगं."

आईच्या भांगाजवळ खोक होती. गाडीवरून पडले, असं ती सांगे, आणि वेणी घालताना केस त्यावरून ओढून घेई. तो पांढरा डाग एकाएकी सरला आणि मागून चांगुणाबाईचा चेहरा आला, डोक्याला फडकं बांधलेला, फडक्यातून काळं पाझरतंय, आणि ती भिंतीला टेकून त्याच्याकडे बघत होती, चुलीपाशी बसलेल्या पोराकडे, याला काही झालं नाही ना म्हणून. तिला काळजी नको म्हणून तो हसला होता. तो हसला होता त्या दिवशी! सम्राटने दोन्ही हात बाजेच्या कडेवर दाबले. घशातून काही तरी बाहेर पडलं, ते रडणं होतं की खोकला हे त्यालाही कळलं नाही; खरखरीत, बेसूर, जनावराचं असावं तसं. ते थांबलं, पुन्हा आलं. सहादूने त्याला गप्प केलं नाही, जवळही घेतलं नाही. त्याने फक्त आपली जागा सोडली, उकिडवाच सरकत आला आणि बाजेच्या पायाशी, मुलाच्या पोटरीला खांदा लागेल एवढ्या अंतरावर बसला. दोघांनाही एकमेकांचे चेहरे दिसत नव्हते. "तुझी आय म्हनायची," बाप जमिनीकडे बघत म्हणाला, "ह्ये पोरगं पावन्यावानी ऱ्हातं घरात. मी म्हनायचो, शिकल्यालं हाय, तसंच ऱ्हानार."

तेवढ्यात पलीकडे धप्प आवाज झाला. करडामागे धावताना अश्विनीचा पाय दाव्यात अडकला होता आणि ती प्लॅस्टरच्या हातावरच पडली होती. दोघंही उठायच्या आत ती स्वतः उठली. फ्रॉक झटकला. आजोबांकडे, बापाकडे बघून हसली. ओठ पांढरे पडले होते. "काय न्हाई झालं," सहादू सवयीने म्हणाला, "वाघीन—" "आबा, थांबा," सम्राट म्हणाला. त्याचा चेहरा ओला होता, तो त्याने पुसला नाही. तसाच तिच्याकडे गेला आणि धुळीत तिच्या पुढ्यात बसला, डोळे डोळ्यांच्या उंचीला येतील असा. मुलगी त्याच्या तोंडाकडे बघत राहिली. असा बाप तिने पाहिला नव्हता. ती एक पाऊल मागे सरकली. तोही घाबरला. इथून पुढे काय करायचं असतं हे त्याला कोणी दाखवलं नव्हतं, आणि उठून जाण्याइतकं सोपं काहीच नव्हतं. "दुखलं?" त्याने विचारलं. तिने नाही म्हणून मान हलवली. "मला भीती वाटली," तो म्हणाला. "तू पडलीस तेव्हा. मला." ती विचार करत उभी राहिली. हनुवटी अजून वरच होती, पण थरथरू लागली होती.

"थोडं दुखतंय," ती म्हणाली.

"कुठं?"

तिने त्याचं बोट धरलं आणि प्लॅस्टर संपून कातडी सुरू होते त्या जागेवर नेऊन ठेवलं. कड रुतून तिथे लाल वळ उठला होता. बोट लागताच ती कळवळली आणि मोठ्याने रडू लागली. त्याने बोट काढून घेतलं नाही.